इनानोलू, तुर्केर

(१८ मे १९३६ – २ एप्रिल २०२४). तुर्कस्तानातील ख्यातनाम चित्रपटनिर्माता व दिग्दर्शक, ‘एर्लेर फिल्म’ या निर्मितिसंस्थेचा संस्थापक आणि उत्तरायुष्यात दूरचित्रवाणी मालिकांचा अग्रगण्य निर्माता. ऐतिहासिक साहसपट, बालनटप्रधान कौटुंबिक चित्रपट, भावनाट्ये व विनोदी चित्रपट अशा लोकप्रिय प्रकारांची निर्मिती त्याने दीर्घकाळ केली. ‘कारा मुरात’ व ‘युमुर्जाक’ या त्याच्या दोन चित्रपटमालिका तुर्की प्रेक्षकांच्या दोन-तीन पिढ्यांना परिचित आहेत. सहा दशकांहून अधिक काळ चाललेल्या त्याच्या कारकीर्दीत तुर्की चित्रपटव्यवसायाचा उत्कर्ष, त्याची पडझड आणि दूरचित्रवाणीच्या आश्रयाने झालेले त्याचे रूपांतर या तिन्ही अवस्था आढळतात.

त्याचा जन्म साफ्रानबोलू या अनातोलियाच्या उत्तर भागातील जुन्या व्यापारी गावी झाला. लाकडी बांधणीच्या ऑटोमनकालीन घरांसाठी हे गाव प्रसिद्ध आहे. तरुणपणी तो इस्तंबूलला आला आणि १९५७ च्या सुमारास सहायक दिग्दर्शक म्हणून चित्रपटसृष्टीत शिरला. अल्पावधीतच, १९६० च्या सुमारास, त्याने एर्लेर फिल्म ही स्वतःची संस्था काढली व दिग्दर्शनही सुरू केले. त्या काळी तुर्कस्तानात निर्माता, दिग्दर्शक व लेखक यांच्या कामांत काटेकोर विभागणी नव्हती. भांडवल तुटपुंजे असल्यामुळे एकाच व्यक्तीने अनेक कामे अंगावर घेणे ही गरजच होती. तथापि इनानोलूचे खरे कर्तृत्व निर्माता या नात्यानेच प्रकट झाले. ते समजण्यासाठी तत्कालीन तुर्की चित्रपटव्यवसायाची घडण ध्यानात घेणे आवश्यक आहे.

येशिलचाम : इस्तंबूलच्या बेयोलू भागात येशिलचाम (शब्दशः ‘हिरवा पाइन’) नावाची एक लहान गल्ली आहे. निर्मितिसंस्थांच्या कचेऱ्या या गल्लीत व तिच्या आसपास एकवटल्या होत्या. त्यामुळे १९५० ते १९८० या काळातील लोकप्रिय तुर्की चित्रपटसृष्टीला येशिलचाम हेच नाव पडले. तिच्या वाढीस एक करविषयक निर्णय कारणीभूत झाला. १९४८ मध्ये स्वदेशी चित्रपटांवरील करमणूक कर २५ टक्क्यांवर आणण्यात आला. विदेशी चित्रपटांवर मात्र तो ७० टक्के राहिला. परिणामतः स्वदेशी चित्रपट दाखविणे चित्रपटगृहांच्या मालकांना फायद्याचे ठरू लागले आणि निर्मिती झपाट्याने वाढली. १९७२ साली तुर्कस्तानात सुमारे तीनशे चित्रपट तयार झाले. त्या वर्षी तुर्कस्तानची गणना जगातील मोठ्या चित्रपटनिर्मात्या देशांत होत होती.

प्रेक्षकांची अभिरुची मात्र केवळ स्वदेशी चित्रपटांनी घडलेली नव्हती. दुसऱ्या महायुद्धाच्या सुमारास ईजिप्तमधील संगीतप्रधान चित्रपटांनी तुर्की प्रेक्षकाला वेड लावले होते. त्यानंतर हिंदी चित्रपटांची लाट आली. राज कपूर याचा मुंबईत तयार झालेला आवारा (१९५१) हा चित्रपट १९५५ मध्ये तुर्कस्तानात प्रदर्शित झाला आणि अतिशय गाजला. ‘आवारे’ हा शब्द तुर्की भाषेतही असल्याने चित्रपटाचे नाव फारसे बदलावे लागले नाही. १९६४ मध्ये त्याची तुर्की आवृत्तीही निघाली. राज कपूरची भूमिका सादरी आलशक या लोकप्रिय नटाने केली. विखुरलेले कुटुंब, अन्यायाने दुरावलेले मूल, अखेरीस होणारी ओळख व मनोमीलन ही सूत्रे तुर्की भावनाट्यांत दृढ झाली, त्यांमागे या चित्रपटांचाही हातभार होता.

अर्थव्यवस्था : येशिलचामपाशी मोठी स्टुडिओ-भांडवले नव्हती, बँकाही चित्रपटांसाठी सहसा कर्ज देत नसत. ही उणीव प्रादेशिक वितरकांनी भरून काढली. वितरणाच्या सोयीसाठी देशाचे इस्तंबूल, इझमीर, अंकारा, आदाना, सामसून व झोंगुलदाक असे सहा विभाग पडले होते. प्रत्येक विभागातील वितरक चित्रपटगृहांशी थेट संबंध ठेवून असे व आपल्या भागातील प्रेक्षकांस काय आवडते, हे त्याला नेमके ठाऊक असे. कथेची कल्पना व नटनटींची नावे घेऊन निर्माता या वितरकांकडे जाई. वितरक त्याला आगाऊ रक्कम देई. ही रक्कम बहुधा रोख नसून पुढील तारखेच्या वचनचिठ्ठीच्या रूपात असे. तुर्की व्यवसायात तिला ‘बोनो’ म्हणत. निर्माता या चिठ्ठ्या सावकाराकडे बट्ट्याने वटवी किंवा नटांना, तंत्रज्ञांना व रसायनशाळेला त्याच चिठ्ठ्या मेहनतान्यापोटी देई. चित्रपट पडद्यावर आला आणि चालला, तरच या साखळीतील सर्वांचे पैसे वसूल होत.

या पद्धतीचे परिणाम दूरगामी झाले. पहिला म्हणजे, चित्रपट तयार होण्यापूर्वीच त्याची विक्री झालेली असल्याने विषय व कलाकार यांच्या निवडीत वितरकाचा शब्द वजनदार ठरे. एका विभागाला मारामारी हवी असे, दुसऱ्याला रडविणारे भावनाट्य, तिसऱ्याला गायक नायक. एकाच चित्रपटात या सर्वांची सोय लावण्याकडे निर्मात्याचा कल असे. दुसरा म्हणजे, ज्या नटाच्या नावावर आगाऊ रक्कम मिळे त्याचे महत्त्व वाढून खर्चाचा मोठा वाटा त्याच्याकडे जाई. तिसरा म्हणजे, नफा मुख्यतः पुढील चित्रपटात किंवा व्याजात जाई. चित्रणगृहे, यंत्रसामग्री व प्रतींचे जतन यांसाठी काही उरत नसे. कच्ची फिल्म आयात करावी लागे व ती दुर्मिळ असे. म्हणून एका दृश्याचे चित्रण शक्यतो एकदाच होई. संवाद चित्रणस्थळी न ध्वनिमुद्रित करता नंतर ध्वनिमुद्रणगृहात, अनेकदा नटाऐवजी दुसऱ्याच व्यक्तीच्या आवाजात, भरले जात. पार्श्वसंगीत बहुधा विदेशी ध्वनिमुद्रिकांवरून घेतले जाई. दोन-तीन आठवड्यांत चित्रपट पुरा करणे ही सर्वसामान्य गोष्ट होती.

यांखेरीज शासकीय अभ्यवेक्षणाची अडचण होती. १९३९ च्या नियमावलीनुसार चित्रणापूर्वी पटकथा आणि नंतर तयार चित्रपट असे दोन्ही अधिकृत मंडळापुढे ठेवावे लागत. ही व्यवस्था गृहखात्याच्या अखत्यारीत होती व मंडळात पोलीस आणि सैन्य यांचे प्रतिनिधी असत. १९८६ च्या कायद्याने ती बदलण्यात आली. तोपर्यंत सामाजिक विषमतेचे परखड चित्रण निर्मात्यास आर्थिक दृष्ट्याही धोक्याचे वाटे. कारण बंदी आली तर वचनचिठ्ठ्यांची सर्व साखळीच तुटे. इतिहास, अद्‌भुतरम्यता, विनोद व घरगुती दुःख हे विषय त्या मानाने सुरक्षित होते. लोकप्रिय प्रकारांकडे असलेला येशिलचामचा ओढा केवळ अभिरुचीचा प्रश्न नव्हता, तर त्यामागे असा व्यावहारिक हिशेबही होता.

युमुर्जाक मालिका : इनानोलूने १९६४ मध्ये फिलिझ आकन या लोकप्रिय अभिनेत्रीशी विवाह केला. १९६५ मध्ये त्यांना इल्केर हा मुलगा झाला. हा मुलगा चार वर्षांचा असतानाच इनानोलूने त्याला युमुर्जाक (१९६९) या चित्रपटात नायक म्हणून आणले व त्याच्यासमवेत फिलिझ आकनला भूमिका दिली. ‘युमुर्जाक’ याचा अर्थ खोडकर पोर, व्रात्य कार्टे असा आहे. तुर्कस्तानात बालनटांचे चित्रपट यापूर्वीच रूढ झाले होते. १९६० पासून निघालेल्या ‘आयशेजिक’ मालिकेतील बालनायिका घरोघरी पोहोचली होती. मात्र ती सोशिक व प्रौढांना शहाणपण शिकविणारी होती. युमुर्जाक हा सोनेरी केसांचा, गोड पण दांडगा मुलगा आहे. त्याच्या खोड्यांमुळे हसू व त्याच्या एकाकीपणामुळे रडू, असा दुहेरी परिणाम या चित्रपटांनी साधला. युमुर्जाक कोप्रुआल्त चोजूउ (म. शी. पुलाखालचा पोर, १९७०) यासारखे पुढील भाग लागोपाठ आले. मालिकेच्या शेवटाकडे साहस व विदेशी सहकार्य यांची जोड मिळाली. क्युच्युक कोव्बोय (म. शी. छोटा काउबॉय, १९७३) हा चित्रपट इटालियन दिग्दर्शक ग्वीदो झुर्ली याने दिग्दर्शित केला.

या मालिकेचा प्रेक्षक म्हणजे मुख्यतः कुटुंब होय. तुर्की शहरांत त्या काळी उन्हाळ्यात उघड्या जागेत चालणारी चित्रपटगृहे व स्त्रियांसाठी राखून ठेवलेले दुपारचे खेळ होते. आई व मुले तेथे एकत्र जात. या प्रेक्षकवर्गाची नाडी इनानोलूने अचूक ओळखली होती. मात्र एका लहान मुलाचे बालपण व्यवसायाच्या वेळापत्रकास जुंपले जाते, हा बालनटप्रधान चित्रपटांवरील सार्वत्रिक आक्षेप या मालिकेसही लागू पडतो. येथे निर्माता हाच पिता असल्याने तो अधिक ठळक होतो. मालिका मुलाच्या वयाबरोबर संपणे अपरिहार्य होते व १९७५ च्या सुमारास ती थांबली. त्यापूर्वी १९७४ मध्ये इनानोलू व फिलिझ आकन यांचा घटस्फोट झाला होता. पुढे इनानोलूने ग्युल्शेन बुबिकोलू या अभिनेत्रीशी विवाह केला.

कारा मुरात मालिका : इनानोलूची सर्वांत प्रसिद्ध निर्मिती म्हणजे ही मालिका होय. तिचा नायक कारा मुरात हा कल्पित असून १४५३ मध्ये इस्तंबूल जिंकणारा ऑटोमन सुलतान दुसरा मुहंमद ऊर्फ ‘फातिह’ (विजेता) याचा तो विश्वासू योद्धा दाखविला आहे. रहमी तुरान याने लिहिलेल्या व वृत्तपत्रातून प्रसिद्ध झालेल्या चित्रकथेवरून हे पात्र घेतले होते. वृत्तपत्रांतील चित्रकथा त्या काळी तुर्की साहसपटांचा मोठाच आधार होत्या. ‘तारकान’, ‘कारावलान’, ‘मालकोचोलू’ हे पडद्यावरील वीरही चित्रकथांतूनच आले. निर्मात्याच्या दृष्टीने त्यात दुहेरी लाभ होता. नायकाची जाहिरात वृत्तपत्राने आधीच केलेली असे आणि चित्रकथेतील चौकटींमुळे दृश्यांची आखणीही जवळजवळ तयार मिळे.

पहिला चित्रपट कारा मुरात : फातिहिन फेदाइसी (१९७२) हा होता. ‘फातिहचा फिदाई’, म्हणजे त्याच्यासाठी प्राण देण्यास सिद्ध असलेला वीर, असा त्याचा अर्थ आहे. पुढील वर्षी फातिहिन फेरमानी (म. शी. फातिहचे फर्मान) निघाला. त्यानंतर १९७८ पर्यंत दरवर्षी एक याप्रमाणे भाग येत राहिले व मालिका सात चित्रपटांची झाली. दिग्दर्शनाची धुरा नातुक बायतान याने वाहिली आणि नायकाची भूमिका जुनेयत आरकन (१९३७–२०२२) याने केली. आरकन हा वैद्यकीय पदवीधर होता. मात्र अश्वारोहण, उड्या व कसरती यांचे त्याने खास शिक्षण घेतले होते आणि धाडसी दृश्ये तो बहुधा स्वतःच करी. तटावरून झेप घेणे, घोड्याच्या पाठीवर उलटसुलट फिरणे, एकट्याने अनेक शत्रूंना लोळविणे ही त्याची वैशिष्ट्ये. छायाचित्रणातील क्लृप्त्यांना पैसा नसलेल्या व्यवसायात नटाचे शरीर हेच चमत्काराचे साधन ठरले.

या चित्रपटांची रचना साचेबंद आहे. सीमाप्रांतातील एखादा क्रूर सरदार मुसलमान रयतेचा छळ करतो. सुलतान कारा मुरातला पाठवितो. वेषांतर, कैद, छळ, सुटका व अखेरचे द्वंद्व या टप्प्यांनी कथा पुढे जाते. शत्रूपक्षातील एखादी स्त्री नायकावर अनुरक्त होऊन त्याला साहाय्य करते. ऐतिहासिक तपशिलांची फिकीर फारशी नसते. पोशाख, शस्त्रे व इमारती यांत निरनिराळ्या शतकांची सरमिसळ होते. यांना ऐतिहासिक चित्रपट म्हणण्यापेक्षा इतिहासाच्या वेषातील लोककथा म्हणणे अधिक योग्य होय. तुर्की समीक्षकांनी त्यांवर घेतलेला आक्षेप अधिक गंभीर आहे : बिझँटिन वा ख्रिस्ती पात्रे सरसकट दुष्ट व कपटी रंगविल्याने शेजारी राष्ट्रे आणि देशातील अल्पसंख्य यांविषयीच्या पूर्वग्रहांना खतपाणी मिळाले. सायप्रसच्या प्रश्नावरून ग्रीस व तुर्कस्तान यांचे संबंध १९७४ मध्ये अत्यंत ताणले गेले होते, हे लक्षात घेतल्यास या आक्षेपातील तथ्य उमगते. उलट पक्षी, ग्रामीण व स्थलांतरित श्रमिक प्रेक्षकास दुबळ्याचा कैवार घेणारा नायक या चित्रपटांनी दिला, हेही नाकारता येत नाही.

अनुकरणाचा प्रश्न : येशिलचामचे नाव तुर्कस्तानाबाहेर विशेषतः विदेशी चित्रपटांच्या उघड अनुकरणांमुळे गाजले. निर्माता हुल्की सानेर याच्या संस्थेने एका अमेरिकन अंतराळ-मालिकेवरून तुरिस्त ओमेर उझाय योलुंदा (१९७३) व एका गाजलेल्या अमेरिकन भयपटावरून शेयतान (१९७४) हे चित्रपट काढले. पहिल्यात सादरी आलशकचा भोळा भटक्या अवकाशयानात जाऊन पोहोचतो. दुसऱ्यात कॅथलिक धर्मगुरूंच्या विधीच्या जागी इस्लामी विधी येतो. चेतिन इनान्च याने दिग्दर्शित केलेल्या द्युन्यायी कुर्तारान आदाम (म. शी. जगाला वाचविणारा माणूस, १९८२) या चित्रपटात तर अमेरिकन चित्रपटातील दृश्येच वापरली आहेत, त्याचाही नायक आरकन होता. परदेशी कृतींच्या स्वामित्वहक्काची अंमलबजावणी तेव्हा शिथिल असल्याने हे शक्य झाले. दीर्घकाळ ही निर्मिती उपहासाचा विषय होती. पुढे अभ्यासकांनी ती रूपांतराची एक रीत म्हणून पाहण्यास आरंभ केला. जेम काया याच्या २०१४ मधील माहितीपटात या व्यवसायातील लोकांनीच आपल्या अनुकरणामागील अडचणी सांगितल्या आहेत. इनानोलूच्या प्रमुख मालिका या वर्गात मोडत नाहीत. त्यांची मुळे चित्रकथा, लोककथा व कौटुंबिक भावनाट्य यांत आहेत. मात्र त्या ज्या घाईच्या व उसनवारीच्या व्यवस्थेत निर्माण झाल्या, ती व्यवस्था एकच होती.

ऱ्हास व स्थित्यंतर : तुर्कस्तानात १९६८ मध्ये दूरचित्रवाणी सुरू झाली आणि सत्तरीच्या मध्यापर्यंत ती घरोघरी पोहोचली. राजकीय हिंसाचारामुळे संध्याकाळी घराबाहेर पडणे लोकांना धोक्याचे वाटू लागले. कुटुंबे चित्रपटगृहांपासून दुरावली. उरलेल्या पुरुष प्रेक्षकांसाठी अनेक निर्मात्यांनी कामुक विनोदी चित्रपट काढले. त्यामुळे कुटुंबांचे येणे पुरतेच थांबले. सप्टेंबर १९८० मधील लष्करी उठावानंतर हा प्रकार बंद पडला. १९७० च्या सुमारास तुर्कस्तानात दोन हजारांहून अधिक चित्रपटगृहे होती. १९९० च्या सुमारास त्यांतील काहीशेच उरली.

या पडझडीत बहुतेक निर्मितिसंस्था बुडाल्या. इनानोलू तरला, याचे कारण चित्रपट हा केवळ चित्रपटगृहात विकण्याचा माल नव्हे, हे त्याने वेळीच ओळखले. १९६१ च्या करारानंतर लक्षावधी तुर्की कामगार पश्चिम जर्मनीत गेले होते. मायदेशाची भाषा व करमणूक यांची त्यांना भूक होती. व्हिडिओ-फितींनी ती भागविली. इनानोलूने ‘उलुसाल व्हिडिओ’ ही संस्था काढून या बाजारपेठेत प्रवेश केला. जुन्या चित्रपटांना त्यामुळे दुसरे आयुष्य लाभले. १९९० नंतर खाजगी दूरचित्रवाणी वाहिन्या निघाल्या. त्यांना कार्यक्रम भरपूर हवे होते आणि येशिलचामचे चित्रपट तयारच होते. ज्या निर्मात्याने आपले हक्क व मूळ प्रती सांभाळल्या, त्याच्या हाती मोठीच मत्ता आली.

पुढे एर्लेर फिल्म ही मुख्यतः मालिका-निर्मितीकडे वळली. इस्तंबूलमधील रोमा वस्तीच्या जीवनावरील विनोदी मालिका जेन्नेत माहाल्लेसी (२००४–०७) व पोलिसांच्या एका पथकावरील आर्का सोकाक्लार (म. शी. मागच्या गल्ल्या) या तिच्या गाजलेल्या निर्मिती होत. दुसरी मालिका २००६ मध्ये सुरू झाली व तिने सहाशे भागांचा टप्पा ओलांडला. तुर्की दूरचित्रवाणीवरील सर्वाधिक काळ चाललेल्या कथामालिकांत तिची गणना होते. ठरलेला नटसंच, ओळखीचे प्रसंग, आठवड्याच्या मुदतीत पुरे करावयाचे चित्रण व कुटुंबाने एकत्र पाहावे असा मजकूर ही येशिलचामची कार्यपद्धतीच या मालिकांतून पुढे चालू राहिली.

जतनकार्य : तुर्की चित्रपटांचा मोठा भाग कायमचा नष्ट झाला आहे. इस्तंबूल नगरपालिकेच्या कोठारास १९५९ मध्ये लागलेल्या आगीत अनेक जुने चित्रपट जळाले. कित्येकांच्या प्रती झिजेपर्यंत चालविल्या गेल्या. पुष्कळ चित्रपट भंगारात काढून त्यांतील चांदी वेगळी करण्यात आली. या पार्श्वभूमीवर इनानोलूने आपल्या नावाने स्थापन केलेले ‘तुर्वाक’ हे प्रतिष्ठान आणि त्याचे चित्रपट-नाट्य वस्तुसंग्रहालय महत्त्वाचे ठरते. जुने कॅमेरे, प्रक्षेपक, वेशभूषा, भित्तिपत्रके, छायाचित्रे व कागदपत्रे तेथे जमविण्यात आली. २००४ मध्ये त्याने ५५५५ भित्तिपत्रकांच्या आधारे तुर्की चित्रपटसृष्टीचे दर्शन घडविणारा एक मोठा ग्रंथही प्रसिद्ध केला. ज्या चित्रपटांची एकही प्रत उपलब्ध नाही, त्यांची भित्तिपत्रके हाच त्यांच्या अस्तित्वाचा पुरावा असल्याने अभ्यासकांना असा संग्रह मोलाचा वाटतो. इस्तंबूलच्या मास्लाक भागात त्याच्या नावाचे भव्य नाट्य-संगीतगृहही आहे.

मूल्यमापन : तुर्की चित्रपटाचा कलात्मक इतिहास मेतिन एर्क्सान, लुत्फी आकाद, यिलमाझ ग्युनेय यांसारख्या दिग्दर्शकांच्या नावांनी लिहिला जातो. एर्क्सानच्या सुसुझ याझ या चित्रपटास १९६४ मध्ये बर्लिन महोत्सवात सुवर्ण अस्वल पारितोषिक मिळाले. याच एर्क्सानने दहा वर्षांनी शेयतान हा अनुकरणात्मक भयपट दिग्दर्शित केला, यावरून कलात्मक व व्यावसायिक चित्रपट यांमधील सीमारेषा येशिलचाममध्ये किती पुसट होती, हे दिसून येते. इनानोलूने या रेषेच्या व्यावसायिक बाजूस राहणे पसंत केले. त्याच्या चित्रपटांत नवा विचार वा नवे तंत्र क्वचितच आढळते. मात्र अपुऱ्या भांडवलावर नियमितपणे निर्मिती चालू ठेवणे, नटनटींना घडविणे, बदलत्या माध्यमांशी जुळवून घेणे व अखेरीस आपल्या व्यवसायाची साधनसामग्री पुढील पिढ्यांसाठी राखणे ही कामे त्याने चिकाटीने केली. कलेच्या दृष्टीने सामान्य ठरलेले चित्रपटही एखाद्या समाजाच्या आशा, भीती व पूर्वग्रह यांचे साधन म्हणून अभ्यासले जातात. पण त्यासाठी ते शिल्लक असावे लागतात. या दृष्टीने निर्मात्याइतकेच संग्राहक म्हणूनही इनानोलूचे स्थान महत्त्वाचे आहे.

त्याचे इस्तंबूल येथे वयाच्या सत्त्याऐंशीव्या वर्षी निधन झाले.